ल्युबेनकाकांची टोपी

ल्युबेनकाका कधीच 'कट' म्हणत नसत. शॉट संपला की ते टोपी घालत. राखाडी लोकरीची, पुढे छोटी चोच असलेली, कडेला झिजलेली टोपी. शॉट चालू असेपर्यंत ती कोटाच्या खिशात, नाहीतर गुडघ्यावर. एकदा का ती डोक्यावर चढली की ज्याला खाकरायचंय त्यानं खाकरावं, जिला पदर सारखा करायचाय तिनं करावा. आमच्या भागातल्या मराठी लग्नांत एक काळ असा होता की लोक गुरुजींकडे कमी आणि त्या टोपीकडे जास्त बघत.

"ओरडून थांबवलं की माणूस दचकतो," ते म्हणत. "मग पुढच्या शॉटमध्येही तो दचकलेलाच दिसतो. टोपीचा आवाज होत नाही."

हे ते अर्थातच इंग्रजीत म्हणत, आणि त्यांचं इंग्रजी माझ्या आईच्या हिंदीसारखं होतं. क्रियापदं वाटेत सांडत जायची, पण मुक्कामाला पोचायचं. इथे मी ते मराठीत देतोय, शक्य तेवढं न सुधारता.

त्यांच्याबद्दल लिहावं असं बरेच दिवस मनात होतं आणि बरेच दिवस मी ते टाळत होतो. मी कमी बोलणारा माणूस. ऑफिसात मला शांत म्हणतात, घरी घुम्या. घुम्या माणसाचा एक फायदा असतो, तो जे काही थोडं बोलतो ते लोक खरं मानतात. तो फायदा मी एकदा घेतला. ते पुढे येईलच.

न्यू जर्सीत, पार्सिपनीतल्या आमच्या अपार्टमेंट कॉम्प्लेक्समध्ये ते समोरच्या दारात राहायचे, मुलगी नेव्हेनाबरोबर. ती एका औषधांच्या दुकानात फार्मसिस्ट. आम्ही राहायला आलो त्या आठवड्यात काकांनी दार वाजवलं, मंजिरीच्या, म्हणजे माझ्या बायकोच्या हातात एक कार्ड ठेवलं आणि निघून गेले. कार्डावर नाव, खाली 'फिल्म डायरेक्टर', आणि त्याखाली 'ऑल जॉनर्स'.

"ऑल जॉनर्स म्हणजे नक्की काय काय करतात हे?" मंजिरीनं विचारलं.

"सगळंच करत असतील."

"प्लंबरसारखं?"

तिचं फारसं चुकलं नव्हतं. बल्गेरियात, सोफियातल्या सरकारी स्टुडिओत ल्युबेनकाकांनी तीसेक वर्षं काढली होती. तिथे दरवर्षी वरून यादी यायची. एक विनोदी सिनेमा, एक युद्धाचा, एक मुलांचा, एक गाण्यांचा. "ज्यानं विनोदी मागितला त्याला युद्धाचा मिळायचा," काका सांगत. "ज्यानं युद्धाचा मागितला त्याच्यावर लक्ष ठेवलं जायचं. मी काहीच मागितलं नाही. म्हणून मला सगळे मिळाले."

त्यांच्याकडे त्यांच्या सिनेमांच्या डीव्हीडी होत्या. पाहुण्याला बसवून ते एखादी लावत आणि स्वतःच्याच कामाची अशी टर उडवत की पाहुण्याला हसावं की सांत्वन करावं कळू नये. युद्धपटासाठी त्यांना फक्त चाळीस सैनिक मिळाले होते. सकाळी ते डावीकडून चाल करून यायचे, दुपारी गणवेश बदलून उजवीकडून. "हा बघ, मिशीवाला," काका पडद्यावर बोट ठेवून म्हणत, "आता हा गोळी झाडेल... आणि आता तोच मरेल. फार शूर माणूस." गाण्यांचा सिनेमा उन्हाळ्यातल्या समुद्रकिनाऱ्याचा होता, पण परवानगी आली थंडीत. तोंडातून वाफ दिसू नये म्हणून नट-नट्यांच्या तोंडात बर्फाचे खडे ठेवले होते. हिरो एवढा प्रेमात का दिसतो, तर त्याचे दात वाजत होते.

आणि त्यांचा तो गुन्हेगारीपट! त्यात खुनी होता कारखान्याचा मॅनेजर. सिनेमा पुरा झाल्यावर वरून निरोप आला, मॅनेजर खुनी असू शकत नाही. मग शेवट बदलून पोस्टमनला खुनी केलं.

"पण तो पोस्टमन तर पहिल्या पाच मिनिटांतच मेला होता!" मी म्हणालो.

"हो. आणि थिएटरात कोणी काही बोललं नाही. म्हणजे लोक झोपले होते, नाहीतर फार शहाणे होते."

असे कापलेले तुकडे काका कधी टाकत नसत. कोटाच्या अस्तरातून घरी आणत आणि बायकोच्या मिरच्यांच्या रिकाम्या बरण्यांत गुंडाळून ठेवत. बाहेरून 'लाल मिरची' अशी चिठ्ठी. "सेन्सॉरला फसवणं पाप नाही," ते म्हणत, "तो व्यायाम आहे."

पुढे राज्य बदललं, स्टुडिओ बंद पडला, बायको गेली, आणि नेव्हेनानं त्यांना इकडे आणलं. इथे आधी त्यांनी एका चर्चमधल्या बारशाचं शूटिंग केलं. मग आयसेलिनच्या एका साडीच्या दुकानाची जाहिरात. त्या दुकानदाराच्या मुलीचं लग्न निघालं, आणि ल्युबेनकाका आपल्या लोकांच्या हाती लागले ते लागलेच.

"भारतीय लग्न म्हणजे ऑल जॉनर्स," ते खुशीत येऊन सांगत. "सकाळी ऐतिहासिक. दुपारी गाण्यांचा. जेवणाच्या रांगेत युद्ध. नवऱ्याचा बूट हरवला की गुन्हेगारीपट. आणि मुलगी निघताना आई रडते तेव्हा, माझ्या आयुष्यात मला कधी मिळाली नाही अशी नटी."

मराठी लग्नांवर त्यांचा विशेष जीव जडला तो अंतरपाटामुळे. पहिल्यांदा अंतरपाट बघितला तेव्हा ते कॅमेरा सोडून माझ्याकडे आले. मी त्या लग्नात निव्वळ पाहुणा होतो.

"हे कापड कशाला?"

"मुहूर्तापर्यंत दोघांनी एकमेकांना बघायचं नसतं."

"आणि मग?"

"मग ते बाजूला काढतात."

काकांनी वळून पुन्हा त्या कापडाकडे बघितलं. मग म्हणाले, "सिनेमा नव्हता तेव्हापासून तुमच्याकडे कट आहे. आणि सांगत नाही कोणाला!"

त्या दिवसापासून अंतरपाट ही त्यांची जहागीर झाली. आमचे गुरुजी आठवडाभर एका बँकेत डेटाबेस सांभाळतात आणि शनिवार-रविवार लग्नं लावतात. मोठे काटेकोर. मुहूर्त ईस्टर्न टाइमप्रमाणे सेकंदापर्यंत काढून आणतात. एका लग्नात शेवटचं मंगलाष्टक संपत आलं, आणि ल्युबेनकाकांनी गुरुजींसमोर जाऊन हात जोडले.

"गुरुजी, एक मिनिट. ढग जातोय. ऊन येतंय. मुलीच्या तोंडावर येतंय."

"अहो, मुहूर्त आहे! अकरा सत्तेचाळीस!"

"सूर्याला अकरा अठ्ठेचाळीस चालतं."

सगळा हॉल हसला. गुरुजी लालबुंद झाले. पण त्यांनी, देव त्यांचं भलं करो, आणखी एक मंगलाष्टक म्हटलं. मधल्या दोन ओळी त्यांनी तिथल्या तिथे रचल्या असाव्यात, कारण त्यांत 'न्यू जर्सी' असा उल्लेख होता. अंतरपाट निघाला तेव्हा खिडकीतून ऊन आलं होतं. तो शॉट मी पाहिलाय. मुलीचा चेहरा आधी उजळतो आणि मग ती वर बघते. गुरुजींनी तो आपल्या वेबसाइटवर अजून ठेवलाय.

कानपिळीच्या वेळी मात्र त्यांनी कहर केला. नवरीच्या भावानं हसत हसत नवऱ्याचा कान नुसता चिमटीत धरला. काकांनी टोपी काही घातली नाही. "खोटं," ते म्हणाले. दुसऱ्यांदा पिळला. "हा भाऊ नाही, डॉक्टर वाटतो. बहीण चाललीय तुझी!" तिसऱ्यांदा त्या मुलानं असा काही पिळला की नवरा "यार!" म्हणून ओरडला, आणि टोपी डोक्यावर गेली. पुढच्या सगळ्या फोटोंत नवऱ्याचा एक कान लाल आहे.

शूटिंगच्या वेळी त्यांचा नियम एकच. माझ्याकडे बघू नका. "कॅमेऱ्याकडे बघणारा माणूस मला काहीतरी विकत असतो," ते म्हणत. "तुमचं काम करा. जायचं तर जा. पण जाणाऱ्या माणसासारखे जा."

मग अण्णा आले. माझे वडील. साताऱ्याच्या एसटी स्टँडवर सबंध नोकरी कंट्रोलर म्हणून केलेले. आई गेल्यावर आम्ही त्यांना सहा-सहा महिन्यांसाठी इकडे आणू लागलो. अण्णा साधं काही बोलले तरी ती घोषणा वाटायची. पहिला शब्द लांबवायचा, मग थांबायचं, मग उरलेलं वाक्य एका दमात खाली सोडायचं. बाथरूम रिकामी झाली हेसुद्धा ते असं सांगत की घरातल्यांनी सामान उचलून उभं राहावं.

अण्णांना इंग्रजी येत नव्हतं, काकांना मराठी येत नव्हतं. त्यामुळे दोघांचं उत्तम जमलं. पार्किंगच्या कडेला एक बाक आहे, त्यावर दोघे संध्याकाळी बसत. अण्णा मराठीत बोलत, काका बल्गेरियनमध्ये, आणि कोणीही कोणाचं वाक्य तोडत नसे. दह्यावरून तेवढा तंटा होता. दही हा आपलाच शोध आहे असं प्रत्येक बल्गेरियन माणसासारखं काकांना वाटे. अण्णांना यात वाद घालण्यासारखं काही वाटतच नसे. मंजिरीचं विरजण काकांकडे आणि काकांचं आमच्याकडे इतक्या वेळा गेलं-आलं की शेवटी कोणाचं कोणतं, हे दह्यालाही सांगता आलं नसतं.

एका दुपारी मी लवकर घरी आलो, तर अण्णा समोरच्या घरात काकांचा तो विनोदी सिनेमा बघत होते. सबटायटल नाहीत, काही नाही. अण्णा बरोबर जागा साधून हसत होते.

"कळतंय का अण्णा काही?"

"त्यात काय न कळायचंय? तो साहेब आहे, तो कारकून आहे, आणि गाडी सुटलीय."

अण्णांना एक्याऐंशीवं लागलं तेव्हा मी सहस्रचंद्रदर्शन करायचं ठरवलं. ते काय असतं हे काकांना बाकावरच समजावलं. माणसानं आयुष्यात हजार पौर्णिमा बघितल्या म्हणून त्याला ओवाळायचं.

"हजार? मोजल्या कोणी?"

"पंचांगात हिशोब असतो."

"ढगाळ होत्या त्या धरल्या का?"

मी हे अण्णांना सांगितलं. अण्णा म्हणाले, "त्याला विचार, ढगाळ असताना चंद्र काय रजेवर होता?" यावर काका इतके हसले की त्यांनी ते वाक्य वहीत लिहून घेतलं.

शूटिंग अर्थातच त्यांच्याकडे. त्यांनी एकच प्रश्न विचारला. "प्रमुख भूमिका कोणाची?"

"अण्णांची. दुसऱ्या कोणाची असणार?"

"ठीक," ते म्हणाले. मी विसरूनही गेलो.

समारंभ मोठा झाला. हॉल, इथल्या मराठी मंडळाचे दीडशे लोक, एक्याऐंशी दिवे, चांदीचा चंद्र. चार राज्यांतून लोक आले होते. मी सकाळपासून धावत होतो, एका कानाला फोन, दुसऱ्या कानाला केटरर. सगळं छान झालं असं मला मनापासून वाटत होतं.

तीन आठवड्यांनी, एका रविवारी दुपारी, जेवणं झाल्यावर सात-आठ कुटुंबं आमच्या दिवाणखान्यात फिल्म बघायला जमली. गुरुजीही होते. अण्णा पुढच्या खुर्चीत. काकांनी डिस्क लावली, टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

चाळीस मिनिटांच्या त्या फिल्ममध्ये फक्त अण्णा होते. फेटा बांधलेले, शाल घेतलेले, मोठ्या खुर्चीत बसलेले अण्णा. लोक येत, पायाला हात लावत, आणि अण्णांकडे न बघता फोटो काढणाऱ्याकडे बघून हसत. अण्णा आशीर्वाद द्यायला हात उचलत तोवर माणूस गेलेला. हात तसाच खाली. मग फेटा एका डोळ्यावर घसरतो, तो ते वर करतात. मग मी दिसतो. अण्णा म्हणतात, "चहा... मिळेल का?" अगदी त्यांच्या त्या घोषणेच्या सुरात. मी म्हणतो, "हो अण्णा, लगेच," आणि फोन कानाला लावून फ्रेमबाहेर जातो.

दिवाणखान्यात सगळे हसले. मीही हसलो.

थोड्या वेळानं पुन्हा. "चहा... मिळेल का?" "हो हो, सांगितलंय." पुन्हा हसू, जरा जास्तच. तिसऱ्या वेळी दोघंतिघंच हसले. चौथ्या वेळी मी अण्णांकडे न बघताच हातानं 'थांबा' अशी खूण करतो. तेव्हा कोणीच हसलं नाही. अण्णा पूजेसाठी सकाळपासून उपाशी होते, हे मला तिथे, त्या सोफ्यावर आठवलं.

आणि शेवटचा शॉट. अण्णा समोर बघत बसलेत. डावीकडून एक हात फ्रेममध्ये येतो. कोटाची बाही, सुरकुतलेलं मनगट, आणि कागदी कपात चहा. अण्णा तो घेतात, डोळे मिटून पितात. संपलं.

तो हात ल्युबेनकाकांचा होता. कॅमेरा चालू ठेवून ते केटररकडे गेले होते. साऱ्या आयुष्यात पडद्यावर आले ते तेवढेच, कोपरापर्यंत.

अण्णांनी टाळ्या वाजवल्या. "हुबेहूब!" ते म्हणाले. "अगदी हुबेहूब मीच." सगळे घाईघाईनं, छान, वेगळंच आहे, असं म्हणू लागले. माझी मुलगी सई तेव्हा अकरा वर्षांची. ती हळूच म्हणाली, "डॅड, यू नेव्हर गेव्ह हिम द टी."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी ती डिस्क परत घेऊन समोरच्या दारात उभा होतो. मला अशी फिल्म नको, म्हणालो. मला सगळे लोक हवेत, गाणी हवीत, दिवे हवेत. आणि हे जे शूटिंग आहे ते सगळं पुसून टाका.

काकांनी मला आत बोलावलं नाही. नुसतं विचारलं, "हे कोण सांगतंय? मुलगा की सेन्सॉर?"

"मुलगा," मी म्हणालो. "माझ्या वडिलांची फिल्म आहे."

"ठीक," ते म्हणाले.

चार दिवसांत नवी फिल्म आली. सनईवर सुरू होणारी, स्लो मोशनमध्ये फुलं पडणारी, प्रत्येक पाहुणा एकदा तरी हसताना दिसणारी. अप्रतिम काम होतं. फेसबुकवर लोकांनी हृदयांचा पाऊस पाडला. अण्णांनीही ती शेवटपर्यंत बघितली. मग म्हणाले, "छान आहे रे शिरीष. कोणाचं कार्य आहे हे?"

ते चिडवत होते की खरंच विचारत होते, हे मी त्यांना विचारायला हवं होतं.

आता जे सांगायचं ते सांगतो. पहिली फिल्म सात-आठ घरांनी पाहिली होती, आणि मला दिवसभर वाटत राहायचं की आत्ता या घटकेला कोणीतरी कोणालातरी त्या चहाबद्दल सांगत असेल. तेवढ्यात गुरुजींचा फोन आला. त्यांच्या भाचीचं लग्न ठरलं होतं. "ल्युबेनकाकांनाच सांगतोय. तुमचा तो पहिला व्हिडिओ जरा... म्हणजे, तसं का केलं त्यांनी?"

आणि मी, घुमा माणूस, म्हणालो, "वय झालंय हो त्यांचं आता. नजर पूर्वीसारखी राहिली नाही. कॅमेरा एकाच जागी चालू राहिला, त्यांच्या लक्षातच आलं नाही."

बस. एवढंच. आवाजात काळजी होती. पुढच्या महिन्यात आणखी दोघांना मी तेच सांगितलं, जवळजवळ त्याच शब्दांत.

आपली माणसं चांगली आहेत. कोणीही ल्युबेनकाकांना वाईट म्हटलं नाही. उलट सगळे हळहळले. कोणी त्यांना भेटायला येताना केक आणला, कोणी डोळ्यांच्या डॉक्टरचा नंबर दिला. फक्त लग्नाला बोलवायचं बंद केलं. कशाला उगाच त्रास द्यायचा या वयात, असं म्हणून.

त्या उन्हाळ्यात शनिवारी सकाळी मी खिडकीतून बघायचो. काका दाढी करून, कोट घालून, कॅमेऱ्याची बॅग पायाशी ठेवून बाकावर बसलेले असत. टोपी खिशात. अण्णा चहाचे दोन पेले घेऊन खाली जात. एकदा वर आल्यावर ते म्हणाले, "याला हल्ली ड्यूटी लागत नाही का रे?"

"सीझन नसेल," मी म्हणालो. जून महिना होता.

थंडीच्या आधी अण्णा साताऱ्याला परत गेले. पुढच्या वर्षी तिथेच गेले. नेव्हेनाला पेनसिल्व्हेनियात नोकरी लागली होती, त्यामुळे समोरचं दारही तोवर बदललं होतं. सामान ट्रकमध्ये चढत असताना काकांनी मंजिरीला विरजणाची वाटी दिली आणि माझा हात हातात घेतला. मी तेव्हाही काही बोललो नाही.

अण्णांच्या वर्षश्राद्धाला सई म्हणाली, "आजोबांचा आवाज ऐकायचाय." आम्ही सगळे फोन धुंडाळले. अण्णा फोनवर फोटो काढून घेत, व्हिडिओला गप्प बसत. मग ती सुंदर फिल्म लावली. पहिल्यापासून शेवटपर्यंत सनई. अण्णांचा एक शब्द नव्हता. तो मीच काढायला लावला होता.

पुढच्या शनिवारी मी गाडी काढली. मंजिरीनं दह्याचा डबा दिला. काका खिडकीजवळच्या खुर्चीत होते, अंगानं अर्धे झालेले. टोपी गुडघ्यावर. नेव्हेना कामावर जायच्या घाईत होती. दार उघडून दिलं आणि गेली.

"शिरीष!" ते म्हणाले. "सेन्सॉर बोर्ड आलं!"

मी येतानाच्या दोन तासांत वाक्यं जुळवली होती. त्यातलं एकही कामी आलं नाही. मी सरळ सांगून टाकलं. गुरुजींना काय म्हणालो, बाकीच्यांना काय म्हणालो, का म्हणालो. खाली बघून बोललो.

"मला माहीत आहे," काका म्हणाले. "गुरुजीनं सांगितलं. रडत होता बिचारा. म्हणाला, शिरीष म्हणतो म्हणजे खरं असणार."

"मग तुम्ही मला काही बोलला का नाहीत?"

"सोफियात माझ्याविरुद्ध रिपोर्ट कोण लिहायचं माहीत आहे? माझाच कॅमेरामन. दर जूनमध्ये तो मला चेरी आणून द्यायचा. फार छान चेरी." त्यांनी डब्याकडे बघितलं. "तू दही आणतोस. पद्धत तीच."

मला हसू आलं आणि त्याची लाजही वाटली.

"आणि नजर खरंच गेली होती," ते म्हणाले. "मोतीबिंदू. त्या वर्षी मला फोकस दिसत नव्हता. तू खोटं बोललास आणि ते खरं निघालं. वाईट पटकथा."

हे खरं होतं, की माझ्यासाठी त्यांनी तिथल्या तिथे केलेलं एडिटिंग, मला अजून कळलेलं नाही. नेव्हेनाला विचारता आलं असतं. मी विचारलं नाही.

मग मी ज्यासाठी गेलो होतो ते विचारलं. ती पहिली फिल्म. एखादी कॉपी, एखादा तुकडा. मला बरण्या आठवत होत्या. येताना रस्ताभर मी त्या बरण्यांच्याच भरवशावर होतो.

"नाही," ते म्हणाले. "पुसली."

"सगळी?"

"मी तुला विचारलं होतं, कोण सांगतंय. तू म्हणालास, मुलगा. सेन्सॉर म्हणाला असतास तर लाल मिरचीत ठेवली असती." त्यांनी गुडघ्यावरची टोपी सरळ केली. "मुलाला कसं फसवायचं?"

मी मान हलवली. दुसरं काय करणार? खिशात फोन वाजत होता, ऑफिसचा. मी उठलो, निघतो म्हणालो, जॅकेट घातलं. दारापर्यंत पोचलो तेव्हा मागून आवाज आला.

"चहा... मिळेल का?"

अण्णाच. तो लांबवलेला पहिला शब्द, तो थांबा, आणि मग वाक्य एका दमात खाली. ल्युबेनकाकांना मराठीतलं एवढं एकच वाक्य येत होतं. फिल्म जोडताना त्यांनी ते किती वेळा ऐकलं असेल कोणास ठाऊक. अर्थ त्यांना नेमका माहीत होता, कारण त्याचं उत्तर त्यांनीच नेऊन दिलं होतं.

मी फोन बंद केला. स्वयंपाकघरात गेलो. अनोळखी घरात चहाची पूड शोधायला वेळ लागतो. आलं नव्हतंच. दूध गरम केलं, साखर अण्णांच्या मापानं घातली. कप घेऊन मी त्यांच्या खुर्चीच्या डावीकडून गेलो. तसं ठरवलं नव्हतं, स्वयंपाकघर त्या बाजूला होतं. काकांनी माझ्याकडे बघितलं नाही. फक्त हाताकडे बघितलं. कप घेतला आणि डोळे मिटून प्यायला लागले.

"गोड आहे," मधेच म्हणाले. "फार गोड. तुझे वडील असं पीत होते? मग हजार पौर्णिमा हा चमत्कार आहे."

चहा संपेपर्यंत मी बसलो. कप विसळून पालथा घातला. निघताना त्यांनी हात वर केला, तेवढंच.

खाली पार्किंगमध्ये गाडीशी आलो आणि एकदा वर बघितलं. ते खिडकीत होते आणि माझ्याकडेच बघत होते. टोपी अजून गुडघ्यावर होती.

मला हात हलवायचा होता. पण शॉट चालू होता. मी दार उघडलं, बसलो, पट्टा लावला, आणि पुन्हा वर न बघता, जाणाऱ्या माणसासारखा गेलो.